कालियाचे वकीलपत्र

नाना पळशीकर हे नाव आज दहा जणांना विचारून पाहा. नऊ जण मान हलवतील. पण त्यांचा एखादा जुना फोटो पुढे धरला तर घरातली वडीलधारी माणसे लगेच म्हणतील, "अरे, हा तर तो म्हातारा!" कोणता म्हातारा, कोणत्या सिनेमातला, हे मात्र सांगता येणार नाही. बसलेले गाल, खोल गेलेले डोळे, अंगावर मळके कपडे आणि चेहऱ्यावर कधी न फिटणारे कर्ज. १९३५ सालच्या 'धुंवाधार'पासून १९८४ साली मृत्यू येईपर्यंत जवळजवळ पन्नास वर्षे हा माणूस हिंदी पडद्यावर वावरला. लोकांनी त्याचा चेहरा लक्षात ठेवला, नाव ठेवले नाही.

चळवळीच्या दैनिकात एका जुन्या नटावर लेख कशासाठी, असा प्रश्न काही वाचक बंधू-भगिनींना पडेल. प्रश्न रास्त आहे. मी नाट्यसमीक्षक नाही, चाकूरसारख्या तालुक्याच्या गावी काळा कोट घालणारा वकील आहे. पण पळशीकरांनी पडद्यावर जी माणसे उभी केली, ती माणसे मला रोज कोर्टाच्या व्हरांड्यात भिंतीला पाठ लावून बसलेली दिसतात. त्यांनाही चेहरा आहे आणि नाव नाही. म्हणून हा लेख.

माझी आणि पळशीकरांची पहिली ओळख दूरदर्शनवर झाली. आमच्या वस्तीत तेव्हा एकच टीव्ही होता आणि त्याच्यापुढे अख्खी वस्ती बसायची. एका रात्री 'दो बिघा जमीन' लागला. पडद्यावर शंभूचा म्हातारा बाप आला आणि माझी आजी एकदम म्हणाली, "हे बघा, आपलं आबाच की रं हे!" आबा म्हणजे माझे आजोबा. सालगडी म्हणून आयुष्य काढलेला माणूस. त्यांचा एकही फोटो आमच्या घरात नाही. आजी त्या रात्री शेवटपर्यंत उठली नाही. सिनेमा संपल्यावर तिने एवढेच विचारले, "मग जमीन सुटली का नाही?" वडील म्हणाले, "नाही सुटली." आजी म्हणाली, "आपल्याला तर नव्हतीच." त्या तीन शब्दांत तिने बिमल रॉय यांच्या सिनेमाची जी समीक्षा केली, तिच्यापेक्षा नेमकी समीक्षा मी अजून वाचलेली नाही.

'दो बिघा जमीन' १९५३ चा. सलील चौधरी यांची कथा, बिमल रॉय यांचे दिग्दर्शन. पुढच्याच वर्षी कान महोत्सवात त्याचा गौरव झाला. बलराज साहनी यांच्या शंभूची आठवण आजही निघते आणि निघायलाच हवी. पण त्यातले कोर्टाचे प्रकरण वकिलाच्या नजरेने पाहा. शंभूच्या हिशोबाने देणे पासष्ट रुपये. जमीनदाराच्या कागदावर ते दोनशे पस्तीस होतात. मधल्या काळात शंभूने आणि बापाने जमीनदाराकडे राबून जे फेडले, त्याची पावती नाही. कागद जमीनदाराचा आणि त्यावरचा अंगठा शंभूचा. कोर्ट कागद पाहते आणि तीन महिन्यांची मुदत देते. तिथे कोणी कायदा मोडत नाही. सगळे कायद्याने होते आणि माणूस उद्ध्वस्त होतो. शंभू रिक्षा ओढायला कलकत्त्याला जातो. गावात म्हातारा मागे उरतो. तो म्हातारा म्हणजे नाना पळशीकर.

या प्रसंगाचा आमच्या मराठवाड्याशी काही संबंध नाही असे कोणी म्हणू नये. चाकूर, अहमदपूर, रेणापूर या पट्ट्यातून दरवर्षी दिवाळीच्या आसपास ऊसतोडीला गाड्या निघतात. मुकादमाने दिलेली उचल, तिच्यावर घेतलेला अंगठा किंवा सही, आणि हंगाम संपला तरी न संपलेला हिशोब. मुकादमाच्या वहीत नवरा-बायकोचे नाव महत्त्वाचे नसते. ती जोडी म्हणजे 'एक कोयता'. किती माणसे नेली असे कोणी विचारत नाही, किती कोयते नेले असे विचारतात. माणसाचे नाव पुसून त्याच्या हातातल्या हत्याराचे नाव त्याला द्यायचे, ही रीत पडद्यावरची नाही, आपल्या शिवारातली आहे.

आता पळशीकरांच्या सर्वांत मोठ्या भूमिकेकडे वळू. १९६० साली बी. आर. चोप्रा यांचा 'कानून' आला. एकही गाणे नसलेला सिनेमा. त्या काळात हे मोठे धाडस होते. सुरुवातीलाच एक माणूस कोर्टात उभा राहतो. ज्याचा खून केला म्हणून त्याने पूर्वी शिक्षा भोगली, तो माणूस जिवंत होता आणि आता त्याला त्याने खरोखर मारले आहे. एकाच खुनाची दोनदा शिक्षा कशी देणार, असा त्याचा सवाल. संविधानाच्या कलम २०(२) च्या कसोटीवर हा युक्तिवाद टिकणार नाही, कारण नवी हत्या हा नवा गुन्हा आहे. पण दिग्दर्शकाला म्हणायचे होते ते वेगळेच होते. खोट्या पुराव्यावर निरपराध माणसाची उमेदीची वर्षे गेली तर ती कोण परत देणार? आणि ती शिक्षा फाशीची असती तर?

पुढची गोष्ट अशी. धनीराम नावाच्या सावकाराचा खून होतो. तरुण वकील कैलाश म्हणजे राजेंद्रकुमार. त्याने तो खून पाहिलेला असतो आणि खुनी म्हणून त्याने ज्याला पाहिले ते असतात न्यायाधीश बद्रीप्रसाद, त्याचे होणारे सासरे. ही भूमिका अशोककुमार यांची. खून झालेल्या घरात चोरीसाठी शिरलेला एक भुरटा चोर पकडला जातो. त्याचे नाव कालिया. खटला न्यायाधीश बद्रीप्रसाद यांच्याच समोर चालतो आणि कैलाश कालियाचे वकीलपत्र घेतो. शेवटी उलगडते की खुनी न्यायाधीश नव्हेतच, हुबेहूब त्यांच्यासारखा दिसणारा दुसराच माणूस. डोळ्यांनी पाहिलेलेही खोटे ठरू शकते, म्हणून साक्षीच्या भरवशावर कोणाचा जीव घेऊ नका, हे सिनेमाचे सांगणे.

कालियाची भूमिका नाना पळशीकरांची. सिनेमा न्यायाधीश आणि जावई यांच्या मनातल्या लढाईचा, कालिया नुसता निमित्ताला. तरीही सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार त्यांना या भूमिकेसाठी मिळाला. दुसरा मिळाला ख्वाजा अहमद अब्बास यांच्या 'शहर और सपना'साठी. तो १९६३ चा सिनेमा मुंबईत घर न मिळाल्याने सांडपाण्याच्या मोठ्या पाइपात संसार थाटणाऱ्या जोडप्याचा. त्या सिनेमाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. दोन पुरस्कार मिळवलेला हा नट पुढेही तसाच राहिला. १९८२ साली रिचर्ड अॅटनबरो यांचा 'गांधी' आला. जगभर गाजलेल्या त्या सिनेमाच्या श्रेयनामावलीत पळशीकरांच्या पात्रापुढे एकच शब्द आहे: गावकरी. पन्नास वर्षांच्या कारकिर्दीच्या शेवटीही पात्राला नाव नाही.

'कानून' मी कायद्याचा विद्यार्थी असताना पुन्हा पाहिला आणि वकिली सुरू झाल्यावर तिसऱ्यांदा. तिसऱ्या वेळी जे दिसले ते आधी दोनदा दिसले नव्हते. कैलाशला खुनाच्या ठिकाणी न्यायाधीशाचा चेहरा दिसतो. मग तो किती तळमळतो! स्वतःच्या डोळ्यांवर त्याचा विश्वास बसत नाही. एवढा थोर माणूस असे करील कसे, काही कारण असेल, काही घोटाळा असेल, असे शंभर विचार त्याच्या मनात येतात. आणि पोलिसांना कालियाचा चेहरा दिसतो तेव्हा? तिथे कोणाला तळमळायला सवड नाही. चोर आहे, घरात सापडला, म्हणजे खून त्यानेच केला. न्यायाधीशाच्या चेहऱ्याला संशयाचा फायदा आपोआप मिळतो. कालियाच्या चेहऱ्याला संशय तेवढा मिळतो, फायदा मिळत नाही.

आणि त्याचे ते नाव! कालिया, म्हणजे काळ्या. आपल्या आज्या-पणज्यांच्या पिढीत अशी नावे घरोघर होती. काळ्या, धोंड्या, दगड्या. ती हौसेने ठेवलेली नव्हती. शूद्राचे नाव ऐकणाऱ्याला किळस वाटेल असे असावे, अशी आज्ञा मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात आहे. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला जे जाळले त्यात हीही आज्ञा जळाली. १९५६ नंतर आपल्या वस्त्यांत गौतम, राहुल, सिद्धार्थ, सुजाता, प्रज्ञा अशी नावे आली. बाहेरच्यांना तो नुसता नावांचा बदल वाटला. आपल्याला ठाऊक आहे, तो माणूस म्हणून स्वतःची नोंद स्वतः करण्याचा हक्क होता.

इथे एक गोष्ट स्पष्ट करतो. नाना पळशीकरांची जात शोधण्यासाठी हा लेख नाही. नटाने कोणतीही भूमिका करावी, त्याचे कामच ते. त्यांनी ते इमानाने केले. चार मिनिटांच्या प्रसंगातही गरीब माणसाची टिंगल होऊ दिली नाही, हे त्यांचे ऋण मान्य केले पाहिजे. ज्या काळात नोकर, चोर आणि भिकारी ही पात्रे हसण्यासाठी वापरली जात, त्या काळात पळशीकरांचा कालिया पाहून कोणी हसले नाही. प्रश्न नटाच्या जातीचा नाही. प्रश्न पात्राच्या जातीचा आहे. त्या काळच्या पुरोगामी म्हणवणाऱ्या सिनेमाने गरिबी दाखवली, पण गरिबाची जात सांगण्याची हिंमत क्वचित केली. १९३६ चा 'अछूत कन्या' आणि १९५९ चा 'सुजाता' असे थोडे अपवाद. त्यांतही अस्पृश्य मुलीने त्याग केला की मगच तिला माणूसपण मिळते. बाकी सगळीकडे गरीब म्हणजे गरीब. तो गरीब का आहे, पिढ्यान् पिढ्या तोच का गरीब आहे, त्याच्या बापाला जमीन का नव्हती, हे विचारायचे नाही. रडायचे आणि घरी जायचे.

आणि उलट दिशेने कोणी गेले तर काय झाले, तेही पाहा. १९३० च्या सुमारास केरळात 'विगतकुमारन' हा मूकपट झाला. त्यात पी. के. रोझी या दलित स्त्रीने नायर स्त्रीची भूमिका केली. मल्याळम सिनेमाची ही पहिली नायिका. उच्चवर्णीय प्रेक्षकांना ते सहन झाले नाही. दंगा झाला, तिचे घर जाळले आणि तिला प्रांत सोडून पळावे लागले. तिची कारकीर्द एका सिनेमात संपली. वरच्या पायरीवरच्या माणसाने खालच्याची भूमिका केली तर तो अभिनय. खालच्याने वरच्याची केली तर तो गुन्हा. ज्या देशात भूमिकाही जातीने वाटल्या जातात, तिथे आरोपीचा पिंजरा कोणासाठी राखून ठेवलेला असेल हे वेगळे सांगायला नको.

आता सिनेमातून आमच्या कोर्टात या. काही वर्षांपूर्वी विहिरीवरची मोटार चोरल्याच्या आरोपाखाली एक तरुण माझ्याकडे आला. म्हणजे त्याचा बाप आला, कारण पोरगा आत होता. भटक्या-विमुक्त समाजातले कुटुंब, गावाबाहेर पाल. मोटार कोणाकडेच सापडलेली नव्हती. गावात चोरी झाली की आधी त्या पालावर जायचे, हा शिरस्ता. जामीन मंजूर झाला आणि तरीही पोरगा बरेच दिवस आतच राहिला, कारण जामीनदार मिळेना. जामीनदाराला सातबारा लागतो. ज्याच्या सात पिढ्यांना जमीन नाही त्याच्यासाठी सातबारा घेऊन कोण उभा राहणार? अखेर तो निर्दोष सुटला. त्याचे नाव मी इथे लिहीत नाही. नाव त्याचे आहे, ते कुठे सांगायचे आणि कुठे नाही हे त्याने ठरवायचे. तो सुटला त्या दिवशी मी त्याच्या बापाला म्हणालो, "दादा, जिंकलो आपण." बाप म्हणाला, "वकीलसाहेब, पुढच्या चोरीला पुन्हा येतीलच की." त्याच्या चेहऱ्यावर मला पळशीकर दिसले. कौतुक म्हणून मी हे सांगत नाही.

हा एकट्या चाकूरचा अनुभव नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार २०२२ च्या अखेरीस देशाच्या तुरुंगांत ५ लाख ७३ हजार कैदी होते. त्यांतले ४ लाख ३४ हजार कच्चे कैदी होते. म्हणजे चारांतल्या तिघांवर गुन्हा शाबीतच झालेला नव्हता. त्या कच्च्या कैद्यांत सुमारे पाचातला एक अनुसूचित जातीचा, तर लोकसंख्येत आपले प्रमाण २०११ च्या जनगणनेनुसार १६.६ टक्के. ही तफावत रक्तातून येत नाही. ती जामीनदारातून, वकिलाच्या फीतून आणि चेहरा पाहून होणाऱ्या अटकेतून येते.

'कानून'मध्ये जे घडता घडता टळले, ते महाराष्ट्रात प्रत्यक्ष घडले आहे. २००३ साली नाशिक जिल्ह्यात दरोडा, बलात्कार आणि खुनाचा अत्यंत भीषण गुन्हा झाला. त्या कुटुंबावर झालेला अत्याचार विसरता येणार नाही. त्यात भटक्या जमातीच्या सहा मजुरांना पकडले. सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी दिली. उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली, तिघांना जन्मठेप दिली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सहाही जणांना फाशी सुनावली. आणि ५ मार्च २०१९ ला त्याच सर्वोच्च न्यायालयाने पुनर्विचार करून सहाही जणांना निर्दोष सोडले. घटनेनंतर लगेच प्रत्यक्षदर्शी साक्षीदाराने पोलिसांकडच्या छायाचित्रांतून वेगळ्याच चौघांना ओळखले होते आणि त्यांची चौकशीच झाली नव्हती, हे न्यायालयाने नोंदवले. आरोपी समाजाच्या तळच्या थरातले, गरीब मजूर असल्याची नोंदही निकालात आहे. प्रत्येकाला पाच लाख रुपये देण्याचा आदेश राज्य सरकारला झाला. सोळा वर्षांचे पाच लाख. वर्षाला किती होतात ते वाचकांनीच काढावे. आणि ज्या कुटुंबावर अत्याचार झाला, त्यालाही न्याय मिळाला नाही. खरे गुन्हेगार सोडून नुसता चेहरा पकडला की दोन्हीकडची माणसे मरतात.

भटक्या-विमुक्तांवर जन्मजात गुन्हेगाराचा शिक्का मारणारा इंग्रजांचा कायदा १८७१ चा. तो १९५२ साली रद्द झाला, 'कानून' पडद्यावर आला त्याच्या आठच वर्षे आधी. कायदा गेला, पण शिक्का राहिला. ३ ऑक्टोबर २०२४ ला सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांतल्या जातिभेदाविरुद्ध निकाल दिला. जातीवरून कामे वाटणारे आणि विमुक्त जमातींना सराईत गुन्हेगार समजणारे तुरुंगांचे नियम घटनाबाह्य ठरवले. सुकन्या शांता या पत्रकार भगिनीने चिकाटीने केलेल्या कामातून ही याचिका उभी राहिली. संविधान लागू होऊन पंचाहत्तर वर्षे होत आली तेव्हा हा निकाल आला. उशिरा आला, पण आला. तो वाचणे आता आपले काम आहे.

काही मित्र म्हणतात, वकीलसाहेब, आता सिनेमाही बदलला. होय, बदलला. २०१४ साली चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' आला. त्यातल्या आरोपीला नाव आहे, आडनाव आहे आणि पेशाही आहे: नारायण कांबळे, लोकशाहीर. मॅनहोलमध्ये उतरणाऱ्या कामगाराला गाण्यातून आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा आरोप त्याच्यावर ठेवला जातो. ती भूमिका केली नागपूरच्या वीरा साथीदार यांनी. ते चळवळीतले कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक. एप्रिल २०२१ मध्ये करोनाने ते गेले. कालिया ते नारायण कांबळे हा चोपन्न वर्षांचा प्रवास. कालियाची करुणा वाटावी अशी त्याची रचना आहे. नारायण कांबळे कोणाची करुणा मागत नाही. तो न्यायाधीशाकडे सरळ पाहतो. पण या सिनेमाचाही शेवट आठवा. आरोपी कोठडीत आणि कोर्टाला उन्हाळी सुटी. पडद्यावर नाव मिळाले म्हणून तारीख लवकर मिळत नाही.

म्हणून माझे म्हणणे एवढेच आहे. दयेने माणूस रडतो, हक्काने माणूस सुटतो. पळशीकरांच्या सिनेमांनी देशाला रडवले. तेही कमी नव्हते. पण कालिया सुटला तो कोणाच्या अश्रूंनी नव्हे, एका वकिलाने त्याचे वकीलपत्र घेतले म्हणून. सिनेमात तो वकील योगायोगाने खुनाचा साक्षीदार होता. आपल्या कालियाला असा योगायोग कुठून मिळणार? बाबासाहेबांनी आपल्याला योगायोगावर सोडलेले नाही. चवदार तळ्याचा दिवाणी दावा डिसेंबर १९२७ ला सुरू झाला आणि उच्च न्यायालयाचा निकाल १७ मार्च १९३७ ला लागला. दहा वर्षे! त्या दाव्यात प्रतिवादी म्हणून भीमराव रामजी आंबेडकर हे नाव आहे. ज्यांना पाण्याला शिवू दिले जात नव्हते, त्यांच्या बाजूने एक पूर्ण नाव कोर्टाच्या कागदावर उभे राहिले आणि जिंकले. सत्याग्रह एका दिवसात झाला, पण तळ्यावरचा हक्क तारखांना उभे राहून मिळाला. आपण पहिला दिवस दरवर्षी साजरा करतो. त्या दहा वर्षांच्या तारखा मात्र आपल्या बोलण्यात येत नाहीत.

आता थोडे कामाचे बोलतो, कारण नुसत्या लेखाने कोणी सुटत नाही.

विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ चा. त्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीची प्रत्येक व्यक्ती, प्रत्येक स्त्री आणि कोठडीत असलेला प्रत्येक माणूस मोफत वकिलाला पात्र आहे. यासाठी उत्पन्नाचा दाखला लागत नाही. तालुक्याच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती असते. १५१०० हा फोन क्रमांक पाठ करा, समाजमंदिराच्या भिंतीवर रंगवा. अटक झालेल्याला पसंतीच्या वकिलाचा सल्ला घेण्याचा हक्क संविधानाच्या कलम २२(१) ने दिला आहे आणि चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यापुढे नेण्याचे बंधन २२(२) ने घातले आहे.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४७९ सांगते की पहिल्यांदाच आरोपी झालेल्याने कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ कच्च्या कैदेत काढला तर त्याला बंधपत्रावर सोडावे. फाशी-जन्मठेपेच्या गुन्ह्यांना हे लागू नाही. त्यासाठी कोर्टात अर्ज करण्याची जबाबदारी तुरुंग अधीक्षकावर आहे. मात्र त्यातच एक मेख आहे. ज्याच्यावर एकापेक्षा अधिक गुन्हे किंवा खटले प्रलंबित आहेत, त्याला हा लाभ नाही. ज्या पालावर प्रत्येक चोरीनंतर धाड पडते, त्या पालावरच्या पोरावर एकच खटला कसा राहील? कालियासारख्याला बाहेर ठेवणारी ही तरतूद आहे. तिच्याविरुद्ध बोलणे चळवळीच्या कार्यक्रमपत्रिकेवर यायला हवे.

आणि जामीन मिळूनही सात दिवसांत कैदी सुटला नाही, तर तुरुंग अधीक्षकाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवावे, असे सर्वोच्च न्यायालयाने ३१ जानेवारी २०२३ ला सांगितले आहे. सावकारीचेही तसेच. महाराष्ट्र सावकारी नियमन कायदा २०१४ चा आहे. अवैध सावकाराने बळकावलेली जमीन परत मिळवण्यासाठी सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो. शंभूच्या बापाजवळ हा कायदा नव्हता. आपल्याजवळ आहे. तो कपाटात ठेवला तर आपल्यात आणि त्यात फरक काय राहिला?

आपल्या समाजात आता वकील पुष्कळ झाले. ही आनंदाची गोष्ट आहे. जयंतीच्या फलकावर आमची नावे 'अॅड.' लावून मोठ्या अक्षरांत येतात. प्रत्येकाने वर्षाला एका तरी कालियाचे वकीलपत्र विनामूल्य घेतले, तर त्या फलकाला अर्थ येईल. आणि जे वकील नाहीत, त्यांनी जामीनदार म्हणून उभे राहावे. ज्यांच्या नावावर आज दोन-चार एकर आहे, त्यांनी आपला सातबारा एखाद्या पालावरच्या माणसासाठी कोर्टात दाखवावा. तो भटक्या आहे, आपला नाही, असे म्हणू नये. असे म्हणणारे आपल्या बाबतीतही तेच म्हणत होते.

माझ्या टेबलावर कोरी वकीलपत्रे पडलेली असतात. त्या कागदावर सर्वांत वर पक्षकाराचे पूर्ण नाव लिहावे लागते. मग वय, धंदा आणि राहणार कुठला, हे. तिथे 'गावकरी' लिहून चालत नाही, 'एक कोयता' लिहून चालत नाही. मी नाव विचारले की पुष्कळ म्हातारी माणसे नुसते पहिले नाव सांगून थांबतात. मी म्हणतो, "बाबा, पूर्ण सांगा. वडिलांचे, आडनाव, सगळे." मग ती सावकाश सांगतात आणि मी लिहून घेतो. कोर्टातला शिपाई तेच पूर्ण नाव मोठ्याने पुकारतो, तेव्हा व्हरांड्यातला म्हातारा भिंतीवरून पाठ काढून उठून उभा राहतो.

नाना पळशीकरांना पडद्यावर पन्नास वर्षांत असा पुकारा फार थोड्या वेळा मिळाला. आपल्या माणसांना तो मिळेल एवढी व्यवस्था तरी आपण करू या.

जयभीम!